गौरवगीताला एक चूक हवी

सांगलीहून एका वाचक भगिनीचं पत्र आलं आहे. मूळ पत्र लांब आहे, थोडं आटोपशीर करून देते.

"मी बँकेत नोकरी करते आणि संध्याकाळी आमच्या हौशी नाट्यगटासाठी लिहिते. यंदाच्या एकांकिकेत मी 'काळघाट' नावाचं एक गाव कल्पिलं आहे. आपल्याकडे माणसं पोटासाठी मुंबईला जातात, तशी तिथली माणसं मागच्या-पुढच्या शतकांत जातात. पहिला प्रवेश दीक्षासोहळ्याचा. अठरा वर्षांची मुलगी पहिल्या कालप्रवासाला निघते आणि सगळा गाव उभा राहून गौरवगीत म्हणतो. मी चोवीस ओळी लिहिल्या. सुरुवात अशी:

हे कालचक्रविजयी वीरांनो, अनंताचे तुम्ही स्वामी,
युगायुगांच्या सीमा लंघुनि निघता तेजोमय धामी!

वाचनाला सगळे गप्प बसले आणि दोघंजण चक्क हसले. चाल माझे धाकटे दीर लावणार होते. ते म्हणाले, 'वहिनी, राग मानू नका, पण हे गॅदरिंगच्या स्वागतगीतासारखं वाटतंय. पाहुण्यांना नारळ कधी द्यायचा?' मला झोंबलं. मी म्हणाले, 'भाऊजी, तुम्ही आधी त्या पेटीचा भाता बघा, अख्ख्या तालमीत कुरकुरतो.' या गोष्टीला आठ दिवस झाले. ते तालमीला येत नाहीत. घरी समोरासमोर जेवतो, पण मीठसुद्धा सासूबाईंमार्फत मागतात. गीत काढूनच टाकू का? ठेवायचं तर ते कसं असावं? आणि दिरांशी बोलू काय?
– उंबऱ्यावर अडलेली"

प्रिय उंबऱ्यावरच्या ताई,

तुमचे दीर बरोबर बोलले. नारळाचा टोमणा त्यांनी मारायला नको होता आणि भात्याचं तुम्ही काढायला नको होतं, तेव्हा ती फिटंफाट झाली. त्या भात्याकडे मी शेवटी येणार आहे. तोवर कृपा करून तो दुरुस्तीला टाकू नका.

तुमच्या ओळींतले संस्कृत शब्द मला खटकले नाहीत. आपल्या नाट्यपदांनी याहून अवघड समास पचवले आहेत. खटकली ती हाक. 'वीरांनो' असं कोण कुणाला म्हणतंय? काळघाटात सगळेच कालयात्री, म्हणजे अख्खा गाव उभा राहून स्वतःलाच 'अनंताचे स्वामी' म्हणवून घेतोय. रोज एसटीने कोल्हापूरला ये-जा करणारा माणूस स्वतःला पंचगंगेचा विजेता म्हणवत नाही. त्याला शेवटची गाडी किती वाजता आहे, ते ठाऊक असतं. प्रवास ज्यांच्या अंगवळणी पडला, त्यांना त्यातली भीती आणि गैरसोय कळते. तेज बाहेरून बघणाऱ्याला दिसतं. तुमचं गीत काळघाटला सोहळ्यासाठी बोलावलेल्या पाहुण्याने लिहिल्यासारखं झालंय, म्हणून तर दिरांना नारळ आठवला.

आता मला सांगा, हे गीत गौरवगीत व्हायच्या आधी काय होतं?

हा प्रश्न उगाच नाही. खऱ्या जगातली मानाची गाणी बहुतेक वेळा दुसऱ्याच कामासाठी जन्मलेली असतात. फ्रान्सचं राष्ट्रगीत घ्या. १७९२ च्या एप्रिलमध्ये ऑस्ट्रियाविरुद्ध युद्ध पुकारल्याची बातमी स्ट्रासबुर्गला पोचली आणि रूझे द लील नावाच्या एका कप्तानाने ऱ्हाईनवरच्या सैन्यासाठी रातोरात कूचगीत लिहिलं. मार्सेयचे स्वयंसेवक ते गात पॅरिसमध्ये शिरले, म्हणून त्याचं नाव पडलं 'ला मार्सेयेज'. लिहिणारा स्ट्रासबुर्गचा नाही, मार्सेयचा तर नाहीच. जपानच्या 'किमिगायो'चे शब्द दहाव्या शतकाच्या सुरुवातीला संकलित झालेल्या कवितासंग्रहातले आहेत. ती दीर्घायुष्य चिंतणारी एक चिमुकली कविता. कायद्याने राष्ट्रगीत झाली १९९९ मध्ये. आणि आपलं 'जय जय महाराष्ट्र माझा'! राजा बढ्यांचे शब्द, खळ्यांची चाल, शाहीर साबळ्यांचा आवाज. गाणं लोकांच्या तोंडी कित्येक दशकं होतं, राज्यगीताचा मान मिळाला १९ फेब्रुवारी २०२३ पासून.

('किमिगायो'त काळाचं माप काय आहे माहितेय? बारीक खडे वाढत वाढत खडक होईपर्यंत आणि त्या खडकावर शेवाळ धरेपर्यंत. आपल्या ताम्रपटांतलं 'आचंद्रार्क' आठवा. चंद्रसूर्य आहेत तोवर हे दान चालावं. दोन्हीकडे काळ डोळ्यांना दिसतो. तुमचं 'अनंत' दिसत नाही. कालयात्रींच्या गाण्यात तरी ते नको.)

तेव्हा काळघाटच्या गीताचा पहिला जन्म शोधा. मला विचाराल तर ती हजेरी असावी. पूर्वी कधीतरी, यंत्रं खात्रीची नव्हती तेव्हा, एका तुकडीत नऊजण गेले की परत किती आले हे अंधारात मोजायला म्हटलेलं गाणं. एकेकाने एकेक ओळ घ्यायची. ज्याची ओळ आली नाही, तो आला नाही. पुढे यंत्रं सुधारली, हजेरीची गरज संपली, गाणं तेवढं उरलं आणि हळूहळू मानाचं झालं. आता सगळे मिळून म्हणतात, पण मधे एका जागी सगळे थांबतात. चार मात्रा. त्या जागी पूर्वी कुणाची तरी ओळ होती.

ही चार मात्रांची जागा तुमच्या प्रवेशाचा प्राण होऊ शकते. तुमची अठरा वर्षांची मुलगी घाबरलेली आहे, पहिल्यांदाच मुख्य रांगेत उभी आहे, आणि सगळा गाव थांबतो तिथे तिचा एकटीचा आवाज पुढे निघून जातो. कुणी तिला दटावत नाही. शेजारची म्हातारी फक्त तिच्या मनगटावर हात ठेवते. चोवीस ओळींचं काम तो हात करतो.

मथळ्यात ज्या चुकीचा उल्लेख आहे, ती इथे येते. गणपतीचे दहा दिवस आठवा. 'सुखकर्ता दुःखहर्ता' म्हणताना मांडवातली निम्मी माणसं 'संकष्टी पावावे' म्हणतात. समर्थांचा शब्द 'संकटी' आहे, संकटात धावून ये असा साधा अर्थ आहे. तरी दर वर्षी कुणीतरी 'संकष्टी' म्हणतोच, आणि तेही सगळ्यात मोठ्याने. 'फणिवरबंधना'चं 'फळीवर वंदना' होतं, 'दीपज्योती'चा 'दीपक जोशी' होतो. दर वर्षी दुरुस्तीचे संदेश फोनवर फिरतात आणि दर वर्षी 'संकष्टी' टिकून राहते. शाळेत माझ्या मागे उभी राहणारी मुलगी 'उच्छल जलधि तरंग'मध्ये 'जलधि'च्या जागी 'जल्दी' म्हणायची. चौथी ते सातवी, चार वर्षं. तिला वाटायचं, लाटांना घाई आहे. मला आजही त्या ओळीला तिचाच आवाज ऐकू येतो.

उभं राहून, सगळ्यांनी मिळून म्हणायच्या गाण्यात जुना काळ असाच अडकून पडतो, कधी चुकीने, कधी अगदी बरोबर शब्दांनी. 'जन गण मन' १९११ साली कोलकात्यात पहिल्यांदा गायलं गेलं, तेव्हाचा नकाशा त्यात आहे. म्हणून सिंध आहे. सिंध आता आपल्या नकाशात नाही, तो शब्द काढा अशी याचिका सर्वोच्च न्यायालयात गेली होती. न्यायालयाने २००५ मध्ये ती फेटाळली. सिंध राहिला. नेदरलंड्सचं 'विल्हेल्मुस' तर याहून गमतीचं. सोळाव्या शतकातलं हे गीत ऑरेंजच्या विल्यमच्या तोंडी आहे, 'मी'च्या रूपात. स्पेनच्या राजाविरुद्ध बंडाचं नेतृत्व करणारा हा माणूस पहिल्याच कडव्यात सांगतो की स्पेनच्या राजाचा मी नेहमी मान राखला. विल्यमचा खून १५८४ मध्ये झाला. आणि आजही फुटबॉलच्या मैदानावर नारिंगी सदऱ्यातली हजारो माणसं 'मी स्पेनच्या राजाचा मान राखला' असं तारस्वरात गातात. समोर स्पेनचा संघ असला तरी!

गाणं दुरुस्त करायला घेतलं की काय होतं, तेही बघा. सोव्हिएत संघाच्या १९४४ च्या राष्ट्रगीतात स्टालिनचं नाव होतं. स्टालिन गेला, त्याचं नाव घेणं अडचणीचं झालं, आणि मग वीस वर्षांहून जास्त काळ ते गीत शब्दांशिवाय, नुसत्या वाद्यांवर वाजवलं गेलं. १९७७ मध्ये ते नाव गाळून शब्द परत आले. २००० मध्ये रशियाने तीच चाल घेतली आणि नवे शब्द बसवले. तिन्ही वेळचा कवी एकच, सर्गेई मिखाल्कोव्ह; पहिल्या वेळी एक सहकवी जोडीला होता. कल्पना करा, एखाद्या आजोबांनी तरुणपणी, प्रौढपणी आणि म्हातारपणी एकाच चालीवर तीन वेगवेगळे शब्द पाठ केले असतील. एखाद्या लग्नात बँडने ती चाल धरली तर त्यांच्या तोंडून कुठले शब्द येतील?

आता हे सगळं काळघाटात न्या. आपल्याला 'संकटी' की 'संकष्टी' हे पोथी बघून ठरवावं लागतं. काळघाटच्या माणसाला पोथी कशाला हवी? तो थेट पहिल्या दिवशी जाऊन ऐकू शकतो. ज्ञानेश्वरीच्या प्रती नकलून नकलून बिघडल्या होत्या, तेव्हा एकनाथांनी शके १५०६ मध्ये, म्हणजे १५८४ च्या सुमारास, प्रती ताडून पाठ शुद्ध केला आणि बजावून ठेवलं की यात जो कुणी आपली ओवी घालील, त्याने अमृताच्या ताटात नरोटी ठेवली असं समजा. नाथांच्या हाती कालयान असतं तर ते शके १२१२ मध्ये नेवाशाला जाऊन खांबापाशी बसले असते. काळघाटात नाथांच्या बाण्याचा एक माणूस असणारच. पाठशुद्धीचा ध्यास घेतलेला, तिरसट, आणि बरोबर. तो गीताच्या पहिल्या दिवशी जाऊन आलाय. सोहळ्याच्या आदल्या रात्री तो सांगतो, "मी तिथे होतो. त्या चार मात्रांत कुणाचीही ओळ नव्हती. कुणी हरवलं नव्हतं. गाणाऱ्याला ठसका लागला होता."

झालं. तुमच्या एकांकिकेला गाठ मिळाली.

आता गाव काय करतो? इथे माझं मत ठाम आहे, तुम्ही नाकारलंत तरी चालेल. गाव त्याचं ऐकून घेतो, त्याला खोटं पाडत नाही, आणि सकाळी पुन्हा चार मात्रा थांबतो. या लोकांना मागे जाऊन काहीही दुरुस्त करता येतं. सांडलेलं दूध, मोडलेलं लग्न, बुडालेली बोट. इतकं दुरुस्त करता येणाऱ्या माणसांनी एक गोष्ट ठरवून तशीच ठेवली आहे, कारण त्या चार मात्रांत मधल्या पिढ्यांनी आपापली माणसं ठेवली. ठसका असेल पहिल्या दिवशी. दुसऱ्या वर्षी तिथे कुणाची तरी आई रडली असेल, ते खोटं कसं होईल? नाथांची गोष्ट वेगळी. ग्रंथ अर्थ लावून वाचायचा असतो, तिथे चुकीचा शब्द अर्थ बिघडवतो. गौरवगीत शेजाऱ्याच्या श्वासाबरोबर श्वास घेऊन म्हणायचं असतं. पाठशुद्धीवाल्याला मात्र खलनायक करू नका हं. तो त्या सकाळी रांगेत उभा राहतो का, आणि राहिला तर त्या जागी थांबतो का, हे तुमच्या शेवटच्या प्रवेशासाठी राखून ठेवा.

शब्दांकडे येते. कालप्रवासाचं गाणं लिहायला मराठीइतकी सोयीची भाषा मला दुसरी ठाऊक नाही, आणि तुम्ही 'लंघुनि' शोधत बसलात! आपला 'परवा' घ्या. होऊन गेलेलाही परवा, येणारा तोही परवा. 'परवा भेटू' आणि 'परवा भेटलो', दिवस कुठल्या बाजूचा ते क्रियापदाने सांगायचं. 'आलोच' घ्या. "चहा टाक, आलोच," असं फोनवर सांगणारा माणूस अजून ऑफिसच्या खुर्चीत असतो. भूतकाळ वापरून भविष्याची थाप मारतो आणि आपण चहा टाकतो. "पडलास बघ आता!" हे न पडलेल्या पोराला. आणि सगळ्यांत मोठा शब्द 'येतो'. घरातून निघताना आपण 'जातो' म्हणत नाही. म्हटलं तर आजी मागे बोलावून घ्यायची, पाण्याचा घोट प्यायला लावायची आणि 'येतो' म्हणवून घेऊन मग सोडायची. काळघाटात या शब्दाला केवढं वजन असेल! मुलगी पाच शतकं मागे निघाली आहे आणि उंबऱ्यावर म्हणते, 'येते.'

नमुना म्हणून चार ओळी देते. याच घ्या असं नाही, पण गीताचा पोत असा असावा:

परवा भेटलो, परवा भेटू,
आज तेवढा हाती राहो.
येतो म्हणून गेला, त्याच्या
दारी दिवा तेवता राहो.

पहिल्या ओळीत एक मात्रा जास्त आहे. दीर ते पहिल्या फटक्यात पकडतील. पकडू द्या. तिसऱ्या ओळीत 'गेला'नंतर ती थांबायची जागा येते. 'येतो म्हणून गेला', मग चार मात्रा शांतता, आणि मग 'त्याच्या दारी'. तिथे नाव घ्यायचं नाही. प्रेक्षागृहातला प्रत्येकजण आपापलं नाव घालतो.

अजून एक गोष्ट सुचवायचा मोह आवरत नाही. आपल्याकडे वेदपठणात जटापाठ आणि घनपाठ म्हणून पद्धती आहेत. शब्द पुढे म्हणायचे, उलटे म्हणायचे, पुन्हा पुढे म्हणायचे. हेतू इतकाच की एकही शब्द गळू नये, जागा बदलू नये. लेखनाचा आधार न घेता ही विणकाम पद्धत शतकानुशतकं टिकली. जटापाठाची चाल अशी: पहिला-दुसरा, दुसरा-पहिला, पहिला-दुसरा, मग दुसरा-तिसरा, तिसरा-दुसरा, दुसरा-तिसरा. 'आज येतो दारी' हे तीन शब्द त्या विणीत घालून बघा:

आज येतो, येतो आज, आज येतो;
येतो दारी, दारी येतो, येतो दारी.

मराठीत शब्द इकडचे तिकडे केले तरी वाक्य मोडत नाही, म्हणून प्रत्येक तुकड्याला अर्थ राहतो. पुढे जाणं, मागे येणं, पुन्हा पुढे जाणं. कालयात्रींची पावलं याहून वेगळी काय असणार? मुलगी यंत्राकडे चालत जाताना कोरसला हे कुजबुजत म्हणू द्या. दोनदाच. तिसऱ्यांदा म्हटलंत तर प्रेक्षक मोजायला लागतील.

उलटसुलट वाचता येणाऱ्या रचनेचाही विचार तुमच्या मनात आला असेल. पत्राच्या मागच्या पानावर 'रामाला भाला मारा' आणि 'चिमा काय कामाची' खरडलेलं मला दिसलं. या प्रकारातला कळस आपल्याच मुलखात झालाय. गोदावरीकाठचं पार्थपूर, म्हणजे परभणी जिल्ह्यातलं पाथरी, तिथे सोळाव्या शतकात दैवज्ञ सूर्यकवी होऊन गेले. ज्योतिषी, गणिती, 'लीलावती'वर टीका लिहिणारे. त्यांचं संस्कृत विलोमकाव्य सुलटं वाचलं की रामकथा, उलटं वाचलं की कृष्णकथा. 'तं भूसुतामुक्तिमुदारहासम्' अशी सुरुवात होते, आणि पहिली ओळ शेवटाकडून अक्षर अक्षर वाचत आलं की 'श्रीयादवं' निघतो. कागदावर बोट ठेवून वाचून बघा, अंगावर काटा येतो. आयुष्यभर ग्रहांच्या गती मांडणाऱ्या माणसाला शब्दही दोन्ही दिशांनी चालवावेसे वाटले, यात मला तरी नवल वाटत नाही. पण ताई, हे कागदावरचं सुख आहे. रंगमंचावर उलटी ओळ कुणालाही उलटी म्हणून ऐकू येत नाही, नुसती न कळलेली म्हणून ऐकू येते. तुमच्या काळघाटच्या वेशीवर तशी एखादी ओळ कोरलेली दाखवा हवं तर. गायला देऊ नका.

लांबीबद्दल फार बोलायला नको. 'जन गण मन'ला सुमारे बावन्न सेकंद लागतात आणि तेवढ्यात देश उभा राहून बसतो. ग्रीसचं राष्ट्रगीत ज्या कवितेतून घेतलं तिला १५८ कडवी आहेत, म्हणतात दोन. तुमच्या चोवीस ओळी सावकाश म्हटल्या तर तीन-चार मिनिटं जातील, एकांकिकेत तेवढ्यात माणसं जन्मून मरतात. आठ ओळी पुरे. त्यातल्या चार प्रेक्षकांना नीट ऐकू याव्यात, बाकीच्या चार गाव गुणगुणत असताना संवाद सुरू व्हावा. इतकं मुरलेलं गाणं कुणी पूर्ण लक्ष देऊन म्हणत नाही. एखादा आजोबा जांभई देतोय, एखादी बाई म्हणता म्हणता लेकराचं नाक पुसतेय, असं दिसलं की गाणं खरं वाटतं.

आणि जागा बदला. तुम्ही नाट्यपंढरीतल्या आहात, तुम्हाला हे मी सांगायचं म्हणजे अतीच झालं, पण तिसऱ्या घंटेनंतर पडदा उघडताच समूहस्वर लागला की मराठी प्रेक्षकाच्या कानाला ती नांदी वाटते. 'पंचतुंड' अंगात भिनलेलं आहे आपल्या. काहीजण हात जोडतील, उरलेले मोबाइल बंद करायची ती वेळ समजतील. तुमचं गीत त्यात वाया जाईल. आधी दोन मिनिटं घर दाखवा: डबा भरणं, आईची किरकिर, 'तिथलं पाणी उकळून पी' वगैरे. मग गीत.

आता दीर. 'माझं चुकलं' असं भाषण करू नका, आठ दिवसांनी ते दोघांनाही जड जाईल. जेवण झाल्यावर ओळींचा कागद त्यांच्या पानाशेजारी ठेवा आणि म्हणा, "भाऊजी, पहिल्या ओळीत एक मात्रा जास्त होतेय, कुठे काढू?" पेटीवाला माणूस या प्रश्नापुढे अबोला धरू शकत नाही. ते नक्की सांगतील की काढू नका, 'भेटलो' जरा दाबून घेतलं की बसतं. चाल त्यांना मोकळेपणी लावू द्या, फक्त कूचगीताचा ठेका नको एवढं बोला. हजेरीचं गाणं आहे, अंधारात एकमेकांना शोधणारं. खालच्या पट्टीत.

आणि तो भाता. त्या चार मात्रांत गाणं थांबेल, सूर थांबेल, बोटं उचलली जातील, पण दिरांना सांगा की भाता थांबवायचा नाही. सूर न लावता एकदा सावकाश दाबायचा. जुनी पेटी आहे, कुरकुरेलच. अख्ख्या शांततेत तेवढाच आवाज, दार उघडल्यासारखा. तालमीला तुम्ही शेवटच्या रांगेत जाऊन बसा आणि तो तिथवर पोचतो का ते ऐका. नाही पोचला तर पेटीशेजारी एक माइक लावा.